निर्णय द्या, असा हुकूम : जमिनीच्या दफ्तरातील रखडलेले अर्ज आणि उच्च न्यायालय

आमच्या रविवारच्या अभ्यासवर्गात एक वृद्ध उपासिका पिशवी घेऊन आल्या. पिशवीत जुना सातबारा, नवऱ्याचा मृत्यूचा दाखला, सासऱ्याच्या नावाची एक फाटकी पावती आणि एका अर्जाची हस्तलिखित नक्कल होती. सासऱ्याच्या नावावर असलेल्या वतनी जमिनीला वारसांची नावे लागावीत, एवढीच त्यांची मागणी होती. अर्ज दिल्याला अकरा वर्षे झाली होती. आम्ही विचारले, "आजी, मग साहेब काय म्हणाले?" त्या म्हणाल्या, "नाय पन बोलले नाय आनि व्हय पन बोलले नाय. बघू बोलले."

या "बघू" शब्दाविषयी हा लेख आहे. जमिनीच्या दफ्तरातील अर्जावर अधिकारी होकारही देत नाही आणि नकारही देत नाही, अशा वेळी सामान्य नागरिकाने काय करावे, न्यायालय कोणता हुकूम देऊ शकते आणि कोणता देऊ शकत नाही, याची माहिती आपल्या सभासदांना आणि विशेषतः विद्यार्थ्यांना असावी म्हणून आम्ही ती येथे मांडत आहोत. आम्ही वकील नाही. वकिलांकडून, कायद्याच्या पुस्तकांतून आणि कचेऱ्यांच्या पायऱ्या झिजवून जे समजले ते लिहीत आहोत.

प्रथम एक गोष्ट स्पष्ट करू. नकार मिळणे हे वाईट, असे आपल्याला वाटते. कायद्याच्या दृष्टीने मात्र मौन हे नकारापेक्षा वाईट आहे. अधिकाऱ्याने लेखी नकार दिला तर त्याविरुद्ध वरच्या अधिकाऱ्याकडे अपील करता येते. नकाराची कारणे खोडून काढता येतात. पण हुकूमच नसेल तर अपील कशाविरुद्ध करणार? अर्ज टेबलावर पडून राहतो, माणूस म्हातारा होतो, साक्षीदार मरतात, कागद वाळवी खाते. एक शब्दही न लिहिता हक्क बुडवण्याची ही रीत आहे, आणि तिच्यात कोणाची सही नसल्यामुळे कोणाला जाबही विचारता येत नाही.

कायदा काय सांगतो

महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियम १९६६ सालचा. तो १५ ऑगस्ट १९६७ पासून अंमलात आला. त्याच्या दहाव्या प्रकरणात अधिकार अभिलेखाची, म्हणजे सातबारा आणि फेरफाराची व्यवस्था आहे. विद्यार्थ्यांनी कलम १४८ ते १५९ एकदा मूळातून वाचावीत. ती फार कठीण नाहीत.

कलम १४९ प्रमाणे वारसाने, वाटणीने, खरेदीने किंवा अन्य प्रकारे जमिनीत हक्क मिळवणाऱ्याने तीन महिन्यांच्या आत तलाठ्याला तसे कळवायचे आणि तलाठ्याने त्याची लेखी पोच ताबडतोब द्यायची. "ताबडतोब" हा शब्द कायद्यातलाच आहे, आमचा नाही. कलम १५० प्रमाणे तलाठ्याने फेरफाराच्या नोंदवहीत, म्हणजे गाव नमुना ६ मध्ये नोंद घ्यायची, तिची प्रत चावडीवर लावायची आणि हितसंबंधी माणसांना नोटीस द्यायची. कोणी हरकत घेतली तर प्रकरण विवादग्रस्त प्रकरणांच्या नोंदवहीत जाते. अशा तक्रारीचा निकाल अव्वल कारकुनाच्या दर्जाहून कमी नसलेल्या अधिकाऱ्याने द्यायचा, आणि तोसुद्धा शक्यतोवर एका वर्षाच्या आत. हरकत नसेल तर नोंद प्रमाणित करायची. कलम १५५ मध्ये लेखनाच्या चुका दुरुस्त करण्याची सोय आहे. कलम १५७ म्हणते की अधिकार अभिलेखातील नोंद, ती चुकीची आहे असे सिद्ध होईपर्यंत, खरी मानली जाईल. नाव चढणे न चढणे याला एवढे महत्त्व का, याचे उत्तर या कलमात आहे.

मात्र फेरफार म्हणजे मालकी नव्हे, हेही लक्षात ठेवावे. सर्वोच्च न्यायालयाने १९९६ साली सावर्णी विरुद्ध इंदर कौर या प्रकरणात हे सांगितले आहे: महसुली नोंदीने मालकी निर्माण होत नाही आणि नष्टही होत नाही. मालकीचा खरा वाद दिवाणी न्यायालयात चालतो. पण पनवेलसारख्या ठिकाणी राहणाऱ्यांना आम्ही हे वेगळे सांगायला नको की संपादनाची नोटीस, मोबदल्याचा धनादेश आणि भूखंडाचे पत्र हे सगळे आधी सातबारावरच्या नावाकडे जाते. १९७० साली सिडकोची स्थापना झाली आणि पनवेल, उरण व ठाणे भागातील ९५ गावांच्या जमिनी नव्या शहरासाठी घेण्यात आल्या. जानेवारी १९८४ मध्ये जासई परिसरात गोळीबार झाला आणि शेतकरी मारले गेले. दि. बा. पाटील यांच्या नेतृत्वाखालील त्या लढ्यातून पुढे १९९० साली साडेबारा टक्के भूखंडाची योजना आली. संपादित जमिनीच्या साडेबारा टक्के. त्यातून सामाजिक सुविधांसाठीचा भाग वजा जाता प्रत्यक्ष हाती पावणेनऊ टक्के. ज्या घराचे नाव वेळेवर दफ्तरी लागले होते त्या घराला हा हिशेब करता आला. ज्या घरात तीन पिढ्यांची वारसनोंद बाकी होती, त्यांची धावपळ आपल्यापैकी अनेकांनी पाहिली आहे.

आपल्या समाजाचा वेगळा गुंता

वारसनोंद सर्वांचीच रखडते. पण वतनी जमिनीचे दुखणे वेगळे आहे. महार वतनाच्या जमिनी पूर्वी चाकरीच्या बदल्यात होत्या. १८७४ च्या वंशपरंपरागत वतनांच्या कायद्याने ती चाकरी बांधून टाकली होती. परमपूज्य डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी १९ मार्च १९२८ रोजी मुंबई कायदे कौन्सिलात या कायद्याच्या दुरुस्तीचे विधेयक मांडले. चाकरीतून सुटका व्हावी, जमीन मात्र कसणाऱ्याकडे राहावी, हा त्यामागचा हेतू. विरोध इतका झाला की पुढल्या वर्षी ते मागे घ्यावे लागले. अखेर मुंबई कनिष्ठ गाव वतने नाहीशी करण्याचा १९५८ चा अधिनियम झाला आणि १ ऑगस्ट १९५९ पासून लागू झाला. वतने गेली. जमिनी सरकारजमा होऊन, ठरवून दिलेली कब्जेहक्काची रक्कम भरल्यावर, वतनदारांना पुन्हा द्यायच्या होत्या. पण नव्या शर्तीने, म्हणजे जिल्हाधिकाऱ्यांच्या परवानगीशिवाय हस्तांतर करता येणार नाही अशा अटीवर.

गुंता येथे झाला. कित्येकांनी रक्कम भरली, पण पावती जपली नाही. कित्येकांनी भरली आणि नोंद घेतली गेली नाही. एकेका गटात दहा-बारा घरांचा हिस्सा असायचा, पण सातबारावर एकाचेच नाव आणि पुढे "व इतर". हे "इतर" म्हणजे कोण, हे गावाला ठाऊक, दफ्तराला नाही. आज त्या "इतरां"चे नातू मुंबईत, ठाण्यात, कळंबोलीत आहेत. वारसनोंदीचा अर्ज आला की कारकून पहिल्यांदा हेच विचारतो: पुनर्प्रदानाचा हुकूम कुठे आहे? प्रश्न चुकीचा नाही. पण उत्तर त्याच्याच कचेरीच्या कपाटात असते, आणि कपाट उघडायला कोणी सांगायचे, येथे गाडी अडते.

गायरानाचेही तसेच. दादासाहेब गायकवाडांच्या नेतृत्वाखाली १९५९ आणि १९६४ साली भूमिहीनांचे सत्याग्रह झाले, हजारो लोक तुरुंगात गेले. पुढे २८ नोव्हेंबर १९९१ च्या शासन निर्णयाने, १४ एप्रिल १९९० पर्यंतची मागासवर्गीय भूमिहीनांची शेतीसाठीची अतिक्रमणे अटींवर नियमित करण्याची सोय झाली. अर्ज गेले. काहींना पट्टे मिळाले, अनेकांचे अर्ज पडून राहिले. मग २८ जानेवारी २०११ रोजी जगपालसिंग प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने गावच्या सामाईक जमिनी वाचवण्याचे कडक आदेश दिले, आणि त्यानंतर राज्य शासनाने १२ जुलै २०११ रोजी त्या धर्तीवर निर्णय काढला. जगपालसिंगच्या निकालात भूमिहीन, अनुसूचित जाती-जमातींना शासकीय निर्णयाने दिलेल्या जमिनींसाठी अपवाद ठेवलेला आहे. पण ज्याचा अर्ज वीस वर्षे निर्णयाविना होता, त्याच्या हातात दिल्याचा कागदच नव्हता. म्हणजे विलंबामुळे तो अपवादाच्या बाहेर पडला. १९९२ मध्ये निर्णय झाला असता तर जो माणूस पट्टेदार ठरला असता, तो २०११ नंतर अतिक्रमक म्हणवला गेला. विलंब कोणाचीच बाजू घेत नाही, असे कोणी म्हणत असेल तर त्याला हे उदाहरण सांगावे.

न्यायालयाचा दरवाजा कधी उघडला

आता मूळ विषयाकडे येऊ. सार्वजनिक अधिकाऱ्याला त्याचे कायदेशीर कर्तव्य करण्याचा जो हुकूम उच्च न्यायालय काढते त्याला "मॅण्डॅमस" म्हणतात. संविधानाच्या मराठी प्रतीत त्यासाठी "महादेश" हा शब्द आहे. काही पुस्तकांत "परमादेश" असेही आढळते. मूळ लॅटिन शब्दाचा अर्थ "आम्ही आज्ञा करतो" असा. एके काळी ही आज्ञा इंग्लंडच्या राजाच्या नावाने निघे.

हा हुकूम ब्रिटिश काळात आपल्या खेड्यातल्या माणसाला मिळण्यासारखा नव्हता, हे अनेकांना ठाऊक नसते. तीन कुलपे होती. पहिले, असे हुकूम काढण्याचा अधिकार कलकत्ता, मद्रास व मुंबई या तीनच उच्च न्यायालयांना होता आणि तोही मुख्यतः त्या शहरांच्या हद्दीपुरता. १९४३ साली पर्लाकिमेडीच्या रयतांचे एक प्रकरण प्रिव्ही कौन्सिलपर्यंत गेले. जमीनदाराच्या सारावाढीविरुद्ध रयत मद्रास उच्च न्यायालयात आली होती. पण ते गाव शहराच्या हद्दीबाहेर, म्हणून न्यायालयाला अधिकारच नाही असे ठरले. त्याच न्यायाने तेव्हाच्या कुलाबा जिल्ह्यातले पनवेलही बाहेरच. दुसरे कुलूप, १९३५ च्या भारत सरकार कायद्याचे: महसुलासंबंधीच्या कोणत्याही बाबीत उच्च न्यायालयाने मूळ अधिकार चालवायचा नाही. तिसरे कुलूप तर थेट आपल्या दारावरच होते. १८७६ च्या मुंबई महसूल अधिकारिता कायद्याने वंशपरंपरागत वतनाच्या जमिनीबाबत सरकारविरुद्धचे दावे दिवाणी न्यायालयांच्या कक्षेबाहेर ठेवले होते. म्हणजे वतनदाराने मामलेदाराच्या मौनाविरुद्ध जायचे कुठे? पुन्हा मामलेदाराकडेच, फार तर त्याच्या साहेबाकडे.

२६ जानेवारी १९५० रोजी पहिली दोन कुलपे निघाली. संविधानाच्या अनुच्छेद २२५ च्या परंतुकाने महसुली बाबींवरचा तो जुना निर्बंध स्पष्ट शब्दांत संपवला, आणि अनुच्छेद २२६ ने प्रत्येक उच्च न्यायालयाला आपल्या संपूर्ण क्षेत्रात असे हुकूम काढण्याचा अधिकार दिला. हे परंतुक आणीबाणीच्या काळातील बेचाळिसाव्या दुरुस्तीने काढले गेले होते. चव्वेचाळिसाव्या दुरुस्तीने ते परत आले. विद्यार्थ्यांनी ही नोंद वहीत करून ठेवावी, परीक्षेत सहसा विचारत नाहीत, पण समजून घेण्यासारखी आहे.

संविधान सभेत ९ डिसेंबर १९४८ रोजी बाबासाहेबांनी सर्वोच्च न्यायालयाकडे थेट दाद मागण्याच्या अनुच्छेदाला, म्हणजे आजच्या अनुच्छेद ३२ ला, संविधानाचा आत्मा आणि हृदय म्हटले, हे आपण नेहमी ऐकतो. आम्हाला येथे त्याच्या धाकट्या भावाकडे लक्ष वेधायचे आहे. अनुच्छेद ३२ केवळ मूलभूत हक्कांसाठी आहे. मालमत्तेचा हक्क १९७९ पासून मूलभूत हक्क राहिलेला नाही. तो अनुच्छेद ३००-अ मध्ये कायदेशीर हक्क म्हणून आहे. मग सातबाराच्या नोंदीसाठी काय? अनुच्छेद २२६ मध्ये मूलभूत हक्कांशिवाय "अन्य कोणत्याही प्रयोजनासाठी" हेही शब्द आहेत. रखडलेल्या फेरफाराचा अर्ज या शब्दांच्या दारातून आत जातो. रायगड जिल्ह्यासाठी हे दार मुंबईला, फोर्टमधल्या इमारतीत आहे.

दोन प्रकरणे

न्यायालय अधिकाऱ्याला काय सांगते हे समजण्यासाठी आमच्या मते दोन निकाल पुरेसे आहेत.

पहिला मुंबईचाच. गोर्धनदास भानजी यांना अंधेरीला सिनेमागृह बांधायचे होते. १९४५ पासून अर्ज-नकार चालले. १९४७ च्या जुलैत पोलीस आयुक्तांनी परवानगी दिली आणि सप्टेंबरात रद्द केल्याचे कळवले. पत्रात लिहिले होते की सरकारच्या निर्देशावरून परवानगी रद्द करण्यात येत आहे. सर्वोच्च न्यायालयाने नोव्हेंबर १९५१ मध्ये निकाल दिला. न्यायमूर्ती विवियन बोस यांनी म्हटले त्याचा सारांश असा: कायद्याने निर्णयाचा अधिकार आयुक्तांना दिला आहे, सरकारला नाही. आयुक्तांनी आपले डोके वापरलेच नाही, वरून आलेला निरोप पोचवला. म्हणून तो हुकूमच नव्हे. पण पुढची गोष्ट महत्त्वाची. न्यायालयाने सिनेमागृह बांधू द्या असे सांगितले नाही. सर्व बाजूंचा विचार करून, स्वतःच्या बुद्धीने, परवानगी रद्द करायची की नाही याचा स्पष्ट आणि निःसंदिग्ध हुकूम आयुक्तांनी द्यावा, एवढेच सांगितले. हुकूमाचे समर्थन त्या हुकूमातल्याच शब्दांवरून व्हायला हवे, नंतर सुचलेल्या खुलाशांवरून नव्हे, हेही याच निकालाने घालून दिले. कचेरीत "वरून सांगितले आहे" हे उत्तर मिळाले की आम्हाला अंधेरीच्या या सिनेमागृहाची आठवण होते.

दुसरा निकाल १९८६ चा, नियंत्रक व महालेखापरीक्षक विरुद्ध के. एस. जगन्नाथन. मद्रासकडील लेखापरीक्षण खात्यातील अनुसूचित जाती-जमातींच्या कर्मचाऱ्यांनी खातेपरीक्षेच्या गुणांत सवलत मागितली होती. सवलत देण्याचा अधिकार खात्याकडे होता, पण तो नीट वापरला जात नव्हता. न्यायमूर्ती डी. पी. मदन यांनी निकाल लिहिला. भिवंडी दंगलीच्या चौकशी आयोगामुळे आणि मुंबई उच्च न्यायालयाचे मुख्य न्यायाधीश म्हणून त्यांचे नाव महाराष्ट्राला परिचित आहे. अधिकार वापरण्याचे कर्तव्य असताना अधिकारी तो वापरीत नसेल, गैरवापर करीत असेल, किंवा भलत्याच कारणांवर निर्णय देत असेल, तर उच्च न्यायालय त्याला तो योग्य रीतीने वापरायला लावू शकते. आणि अन्याय टाळण्यासाठी गरज पडल्यास स्वतःच तो हुकूम देऊ शकते, असे या निकालाने सांगितले. शेवटचा भाग क्वचितच वापरला जातो. जमिनीच्या प्रकरणांत तर न्यायालय सहसा "निर्णय द्या" एवढ्यावरच थांबते.

हुकूम कसा असतो आणि त्याचे पथ्य

असा हुकूम बहुधा पान-दीड पानाचा असतो. अमुक तारखेच्या अर्जावर अमुक अधिकाऱ्याने, सर्व हितसंबंधीयांना सुनावणी देऊन, कायद्यानुसार, सहा किंवा आठ आठवड्यांत किंवा तीन महिन्यांत निर्णय द्यावा. गुणवत्तेवर आम्ही काहीही मत दिलेले नाही. सर्व मुद्दे खुले आहेत. हे शेवटचे वाक्य वाचून आपली माणसे निराश होतात. "मग जिंकलो काय?" असे विचारतात. जिंकली ती तारीख. एवढ्या वर्षांत जी तारीख नव्हती ती आता आहे.

हा हुकूम मिळण्यासाठी काही गोष्टी दाखवाव्या लागतात. अधिकाऱ्यावर ते कर्तव्य कायद्याने टाकलेले असले पाहिजे; म्हणून वर कलम १४९ आणि १५० विस्ताराने सांगितले. आपण त्याच्याकडे मागणी केली होती आणि त्याने ती नाकारली किंवा दाबून ठेवली, हेही दाखवावे लागते. सरस्वती इंडस्ट्रियल सिंडिकेटच्या प्रकरणात, १९७४ साली, सर्वोच्च न्यायालयाने मागणी आणि नकार यांची ही अट सांगितली. दीर्घ मौन हाही नकारच धरता येतो, पण मागणी केल्याचा पुरावा हवा.

आणि येथेच त्या उपासिकांचे प्रकरण अडकले. अकरा वर्षांपूर्वीच्या अर्जाची पोच नव्हती. नक्कल होती, शिक्का नव्हता. त्यांच्या नवऱ्याने अर्ज हातात दिला, कारकुनाने ठेवून घेतला, संपले. ज्येष्ठ वकिलांनी कागद पाहिले आणि म्हणाले, "हा अर्ज दिलाच नव्हता असे सरकारी वकील म्हणाले तर तुम्ही काय दाखवणार?" आमच्याकडे उत्तर नव्हते. नवा अर्ज करावा लागला. अकरा वर्षे हिशेबात धरता आली नाहीत.

म्हणून अर्ज देताना दुसऱ्या प्रतीवर आवक क्रमांक, तारीख, शिक्का घ्यावा. देत नसतील तर नोंदणी टपालाने पोचदेय पाठवावा. आता ई-फेरफार पद्धत आहे, संगणकावर अर्ज क्रमांक मिळतो. तो लिहून ठेवावा. महाराष्ट्र लोकसेवा हक्क अधिनियम २०१५ खाली जी सेवा अधिसूचित आहे तिला मुदत ठरलेली असते, ती टळली की पहिले, दुसरे अपील आणि नंतर आयोगाकडे तिसरे अपील करता येते, दोषी अधिकाऱ्याला दंडही होऊ शकतो. माहितीच्या अधिकाराखाली, "माझ्या अमुक अर्जावर कोणत्या तारखेला कोणी काय कार्यवाही केली" हे विचारावे. याचे उत्तर पुढे न्यायालयात उपयोगी पडते. २००५ चा बदल्यांचा आणि विलंब प्रतिबंधाचा कायदाही आहे. त्याच्या कलम १० प्रमाणे कोणत्याही कर्मचाऱ्याकडे फाइल कामकाजाच्या सात दिवसांपेक्षा जास्त राहू नये. मात्र अर्धन्यायिक प्रकरणे त्यातून वगळलेली आहेत, त्यामुळे हरकतीच्या फेरफाराला त्याचा आधार लंगडा पडतो. साध्या वारसनोंदीत त्याचा उल्लेख जरूर करावा.

वकिलाची फी हा मोठा प्रश्न. विधी सेवा प्राधिकरण अधिनियम १९८७ च्या कलम १२ प्रमाणे अनुसूचित जाती-जमातींची व्यक्ती आणि कोणतीही स्त्री यांना, उत्पन्न कितीही असले तरी, मोफत कायदेविषयक मदत मिळते. १९९० च्या दुरुस्तीने बौद्ध धर्मीयही अनुसूचित जातींच्या सवलतींत आले आहेत. पनवेलला तालुका विधी सेवा समिती आहे, उच्च न्यायालयात स्वतंत्र समिती आहे. आपल्या बहुतेक कुटुंबांना हे कलम ठाऊक नाही, याचे आम्हाला आश्चर्य वाटते.

एक धोकाही सांगतो. फार जुना, मेलेला दावा जिवंत करण्यासाठी काही लोक नवा अर्ज देतात, त्यावर "निर्णय द्या" असा हुकूम घेतात आणि नकार आला की त्या नकारापासून मुदत मोजू लागतात. सी. जेकब प्रकरणात २००८ साली सर्वोच्च न्यायालयाने याला चांगलाच चाप लावला. त्यात १९८२ ला नोकरी गेलेल्या माणसाने २००० साली अर्ज केला होता. अशा उत्तराने संपलेला हक्क उठून उभा राहत नाही, असे न्यायालय म्हणाले. वारसनोंदीचे तसे नाही, ती दफ्तराची चालू जबाबदारी आहे, असा युक्तिवाद करता येतो. तरी उशिराची कारणे अर्जातच लिहावीत, लपवू नयेत.

मुदत संपूनही निर्णय झाला नाही तर? हुकूमाची प्रमाणित प्रत अधिकाऱ्याला पोचवल्याचा पुरावा ठेवून अवमान याचिका करता येते. १९७१ च्या अवमान कायद्यात त्यासाठी एका वर्षाची मुदत आहे. आमचा अनुभव असा की बहुतेक वेळा त्याआधीच कचेरीतून सुनावणीची नोटीस येते.

त्या उपासिकांनाही तशीच आली. नवा अर्ज, नोटीस, विधी सेवा समितीचे वकील आणि आठ आठवड्यांचा हुकूम. सातव्या आठवड्यात सुनावणी झाली आणि निर्णय लागला: अर्ज नामंजूर. कारण लिहिले होते की कब्जेहक्काची रक्कम भरल्याचा पुरावा नाही. त्या रडल्या. आम्ही मात्र तो कागद दोनदा वाचला, कारण अकरा वर्षांत पहिल्यांदाच कोणीतरी अडचण काय आहे ते लिहून, खाली सही केली होती. पिशवीतली सासऱ्याची फाटकी पावती तीच होती की नाही हे वाचता येत नव्हते, एवढा कागद विरला होता. तिच्यावरचा अर्धा क्रमांक आणि साल घेऊन जुन्या नोंदवहीची पाने माहितीच्या अधिकारात मागितली. तिसऱ्या खेपेला पान मिळाले. रक्कम भरल्याची नोंद होती. साठ दिवसांच्या मुदतीत प्रांताधिकाऱ्यांकडे कलम २४७ खाली अपील केले होते, त्यात ते पान जोडले आणि अपील मंजूर झाले. सातबारावर आता "व इतर" नाही, सात नावे आहेत; त्यात त्यांचे तिसरे.

हिस्से वेगळे करायचे तर मोजणी लागेल. तिचा अर्ज दिला आहे. पोच आमच्या फायलीत आहे.